मुदत मिळाली

नव्या गोणपाटाचा वास आला की मला ठाण्याचं कोर्ट आठवतं. वाशी मार्केटात कांद्याचा गाळा टाकलेल्या मित्राच्या कर्जाला बाबा जामीन राहिले होते. त्याचे हप्ते थकले आणि बँकेने दोघांवर दावा लावला. तारखेला बाबांसोबत मीही गेले होते. आईने त्या मित्रासाठीही डबा दिला होता. त्याच्या शर्टाला गोणपाटाचा वास येत होता. त्याचा वकील उठून म्हणाला, "साहेब, थोडी मुदत द्या. जामीनदार स्वतःचा फ्लॅट विकून पैसे भरतायत." बाबांनी दचकून मित्राकडे पाहिलं. तो नखं बघत बसला होता. मुदत मिळाली. बाहेर येताच तो म्हणाला, "चला दादा, एक टेन्शन मिटलं!" आणि आमचा डबा पुसून खाल्ला. आमचा फ्लॅट शेवटी विकावाच लागला. आजही त्या बिल्डिंगखालून जाताना मी वर बघत नाही.