बिलामागची पेन्सिल

नगरच्या कोर्टाच्या आवारात शामकांत गंधे यांना नावानं हाक मारणारा माणूस विरळाच. "काय एकशे अडतीस, चहा घेणार का?" असं कुणी ओरडलं की ते मान वर करतात. चेक न वटल्याच्या खटल्याचं जे कलम, तेच त्यांचं नाव होऊन बसलंय, आणि खरं सांगायचं तर त्यांना ते आवडतंही. तीस वर्षं ते वकिलाचे कारकून. आधी मोठ्या वकीलसाहेबांकडे आणि ते गेल्यावर त्यांचा मुलगा अवधूत याच्याकडे. अवधूतला त्यांनी चड्डीत पाहिलेला, त्यामुळे तो त्यांना शामकाका म्हणतो आणि ते त्याला अवधूतसाहेब म्हणतात.

चेक परत आला की काय करायचं, हे नगरमधल्या निम्म्या व्यापाऱ्यांनी वकिलाकडून नाही, शामकांतरावांकडून ऐकलेलं आहे. बँकेचा परतीचा कागद हातात पडल्यापासून तीस दिवसांत नोटीस गेली पाहिजे. नोटीस मिळाल्यावर चेक देणाऱ्याला पंधरा दिवस. त्या पंधरा दिवसांत पैसे भरले तर गुन्हाच नाही. "कायदा मोठ्या मनाचा आहे हो," असं ते चहाची बशी ओठाला लावत सांगत. "पंधरा दिवस देतो. पंधरा दिवसांत माणूस काहीही करू शकतो." आणि मग तीस वर्षांत आपली एकही तारीख चुकली नाही, हे ते ओघात सांगून टाकत. ते ऐकल्याशिवाय त्यांच्या टेबलावरून कुणाला उठता आलेलं नाही.

दुसरा अभिमान होता कागदाचा. मोठ्या वकीलसाहेबांचं सांगणं असे, कागद कोर्टात जाताना अंघोळ करून गेला पाहिजे. म्हणून बिल असो, पावती असो, पक्षकारानं त्यावर पेन्सिलीनं केलेल्या बेरजा, काढलेले फोन नंबर, सगळं शामकांतराव खोडरबरानं पुसत आणि मगच झेरॉक्स काढत. खोडरबराचा चुरा फुंकरून उडवायचा आणि कागद दोन बोटांत धरून बघायचा, ही त्यांची पूजाच होती म्हणा. घरी त्यांच्या पत्नी लीनावहिनी थट्टेनं म्हणत, यांना भाजीवाल्याचा हिशेब दिला तरी आधी खोडतील.

तर पावणेदोन वर्षांपूर्वीची गोष्ट. श्रीमंतशेठ म्हणून यंत्रांचे एक दुकानदार आहेत. शेवयांची, मसाल्याची, पिठाची अशी घरगुती धंद्याची यंत्रं विकतात. त्यांचा एक चेक परत आला होता. बत्तीस हजारांचा. दिला होता राजूरच्या मनकर्णाबाईंनी, शेवयांच्या यंत्राच्या उरलेल्या पैशांसाठी. शेठ कागद घेऊन उगवले ते एकोणतिसाव्या दिवशी संध्याकाळी. "फोन करून बघितला का त्यांना?" शामकांतरावांनी विचारलं. "फोन केला की लोक गोड बोलतात," शेठ म्हणाले, "आणि पैसे तिथंच राहतात. तुम्ही नोटीस काढा."

दुसऱ्या दिवशी नोटीस तयार झाली. पोस्टाची खिडकी बंद व्हायला वीस मिनिटं उरली होती. झेरॉक्ससाठी बिल उलटं केलं, तेव्हा मागच्या बाजूला पेन्सिलीनं लिहिलेली एक ओळ दिसली. अक्षर मोठं, दाबून काढलेलं. 'रहाणार मिरजगाव, मुलगी निकिता हिच्याकडे,' आणि खाली मोबाईल नंबर.

असं असलं की शामकांतराव नेहमी दोन पाकिटं करत, एक जुन्या पत्त्यावर आणि एक नव्या. त्या दिवशी दुसरं पाकीट करायचं म्हणजे नोटिशीवर पत्ता घालून पुन्हा छापायची, पुन्हा साहेबांची सही, आणि साहेब वरच्या मजल्यावर कोर्टात उभे. बिलावर पत्ता राजूरचा, चेकची बँक राजूरची. कायद्याला तेवढं पुरतं, असं त्यांनी मनाशी म्हटलं. आणि हात सवयीनं खोडरबराकडे गेला. चुरा फुंकरून उडवला, कागद दोन बोटांत धरून बघितला आणि ते पोस्टाकडे पळाले. तारीख चुकली नाही.

पाकीट पंधरवड्यानं परत आलं. वर पोस्टमनचा शेरा, घर बंद, सूचना ठेवली, मागणी केली नाही. कायद्याच्या लेखी नोटीस मिळाली. खटला दाखल झाला. समन्सही राजूरलाच गेलं, वॉरंटही. शामकांतरावांच्या डोक्यातून ती ओळ केव्हाच निघून गेली होती, कारण खोडलेल्या गोष्टी लक्षात ठेवायची त्यांना सवय नव्हती.

यंदा एप्रिलच्या सुरुवातीला, सकाळी अकराच्या सुमारास, ते कोर्टाच्या व्हरांड्यातून चालले होते. बाकावर एक पन्नाशी उलटलेली बाई बसली होती. शेजारी महिला पोलीस. बाईंच्या कोपरापर्यंत पीठ वाळून पांढरं झालं होतं, पदरालाही होतं. बाईंनी शामकांतरावांच्या हातातल्या फायली बघितल्या आणि हाक मारली.

"दादा, जरा हे वाचून दावता का? वाचता येतं मला, पन चष्मा घरी ऱ्हायला. ह्यांनी घ्यूच दिला न्हाई."

शामकांतरावांनी कागद घेतला. फिर्यादीची नक्कल होती. पहिलं वाक्य डोळ्यांखालून गेलं आणि त्यांना ते ओळखीचं वाटलं. मजकूर त्यांचाच होता. तीस वर्षं नाव आणि रक्कम बदलून छापलेला. त्यांनी वाचायला सुरुवात केली. "यातील आरोपी हिने फिर्यादीची फसवणूक करण्याच्या उद्देशाने, खात्यात पुरेशी रक्कम नसल्याचे माहीत असूनही... नोटीस मिळूनही जाणीवपूर्वक टाळाटाळ केली..." हजारो वेळा हे शब्द त्यांच्या हाताखालून गेले होते. तोंडानं, एखाद्या माणसासमोर बसून, त्यांनी ते कधी उच्चारले नव्हते. मधेच त्यांचा आवाज खाली आला.

"मोठ्यानं वाचा," मनकर्णाबाई म्हणाल्या. "मला ऐकू दे मी काय केलंय ते."

त्यांनी वाचून संपवलं. बाईंनी कागद परत घेऊन त्याची घडी घातली. मग हळूहळू सांगायला लागल्या. नवरा सहादेव गेला, राजूरला एकटीनं राहवेना, म्हणून मिरजगावला मुलीकडे निघाल्या. जाता जाता नगरला यंत्र घेतलं. राजूरच्या खात्यात बत्तीस हजार मोजून ठेवले होते. त्यातून विम्याचा चारशे-साडेचारशेचा हप्ता आपोआप कापला गेला, हे त्यांना आज पोलीस ठाण्यात कळलं. चेक कधीच वटला, या समजुतीत त्या होत्या. बाकीचे पैसे आजही त्या खात्यात पडून आहेत.

"नोटीस आली असती तर दुसऱ्या दिशी पैसं घिऊन दारात उभी ऱ्हायले असते, दादा. पत्ता दिला हुता मी. दुकानात बसून, बिलाच्या मागं, माझ्या हातानं लिवला हुता. आज सकाळी शेवया पाडत हुते. नऊ बाया डबे घिऊन बसल्याल्या अंगनात. त्यांच्यासमोर पोलिसाची गाडी आली. राजूरच्या शेजाऱ्यांकडनं पत्ता काढला म्हनं. लोकांनी इचारलं, काय केलं हो बाईनं? तर पोलीस म्हनला, फसवनूक."

तेवढ्यात अवधूत आणि श्रीमंतशेठ आले. बाई उठून उभ्या राहिल्या. "शेठ, तुमी सांगा. मी पत्ता लिवून दिला हुता का न्हाई?"

शेठ वाईट नव्हते, पण गिऱ्हाईक रोज पन्नास. "आठवत नाही बाई," ते म्हणाले. अवधूतनं फाईल मागितली, कोर्टात दाखल झालेलं मूळ बिल काढून बघायची परवानगी घेतली, आणि ते बाईंसमोर उलटं केलं. स्वच्छ पांढरं.

"मागं काही नाही, मावशी," तो सौम्यपणानं म्हणाला. त्याला ते सौम्यच वाटत होतं.

बाईंनी कागद हातात घेतला, डोळे बारीक करून बघितला, पुन्हा पुढून बघितला. "म्हंजी मी खोटं बोलते व्हय?" असं म्हणून त्यांनी चौघांकडे बघितलं, शामकांतरावांकडे जरा जास्त वेळ, कारण मघाशी त्यांनी वाचून दाखवलं होतं आणि त्यातल्या त्यात तेच त्यांना आपले वाटले होते. शामकांतराव दोन हातांच्या अंतरावर उभे होते. खिडकीतून तिरपं ऊन कागदावर पडलं होतं आणि त्यात दाबून लिहिलेल्या अक्षरांचे खोलगट वळ त्यांना तिथून दिसत होते. मिरजगावचा 'मि' तर चक्क वाचता येत होता. बोलायला चार शब्द पुरले असते. त्यांनी घड्याळात बघितलं आणि पुढची केस पुकारली जाईल असं काहीतरी पुटपुटले. आयुष्यात इतकी लाज त्यांना कधी वाटली नव्हती, आणि लाज वाटत असूनही तोंड उघडलं नाही, याची लाज वेगळी.

दुपारपर्यंत निकिता आली. तिनं मोबाईलवरून शेठच्या खात्यात बत्तीस हजार आणि खर्चापोटी आठ हजार टाकले. दहा सेकंदांत शेठचा मोबाईल वाजला. तडजोडीचा अर्ज शामकांतरावांनीच लिहिला, बाईंची सही त्यांच्यासमोरच झाली. तेच दाबून काढलेलं मोठं अक्षर.

संध्याकाळी ते अवधूतच्या टेबलासमोर उभे राहिले आणि सगळं सांगून टाकलं. अवधूतनं पेन खाली ठेवलं. म्हणाला, "शामकाका, केस मिटली आहे. आता हे उकरून कुणाचं भलं होणार? तुम्ही मुद्दाम थोडंच केलंत?" तेवढ्यापुरतं ते खरंही होतं. घरी लीनावहिनींनी पानावर वाढलं तेव्हा त्यांनी दोनच घास खाल्ले. रात्रभर एकच हिशेब डोक्यात चालला होता. कायद्यानं दिलेले पंधरा दिवस त्या बाईचे होते. ते आपण वीस मिनिटं वाचवायला पुसून टाकले.

रविवारी सकाळी ते माळीवाड्याच्या स्टँडवर सोलापूरच्या गाडीत बसले आणि मिरजगावला उतरले. घर शोधायला वेळ लागला नाही. 'ते पोलीस आलते त्याच का?' असं विचारून एका माणसानं बोट दाखवलं.

अंगणात यंत्र घरघरत होतं. काठ्यांवर शेवया वाळत होत्या. डबे मात्र तीनच होते.

मनकर्णाबाईंनी त्यांना ओळखलं. यंत्र बंद केलं, पाणी दिलं. शामकांतरावांनी पाण्याला हात लावला नाही. उभ्यानंच म्हणाले, "बाई, तुम्ही पत्ता लिहिला होता. मी बघितला होता. मीच तो खोडला." मग खिडकी, वीस मिनिटं, साहेबांची सही, असं सगळं ते सांगू लागले आणि सांगता सांगता त्यांचं त्यांनाच कळलं की हे कुणीही विचारलेलं नाही.

बाईंचा चेहरा हलला नाही. "तवा तुमी तिथंच हुता," त्या म्हणाल्या. "मी खोटं बोलते का, असं इचारलं तवा."

"होतो."

"मला वाचून दावलं तुमी. मला वाटलं, भला मानूस हाय."

शामकांतरावांनी हात जोडले. बाईंनी जोडलेल्या हातांकडे बघितलंसुद्धा नाही. "माफी मला नका मागू. मला म्हाईतच हुतं मी पत्ता लिवला ते. ज्यांना म्हाईत न्हाई त्यांना सांगा." आणि त्यांनी कुंपणावरून हाक घातली. रुपाली म्हणून कुणी होती, तिला सांगितलं, त्या दिवशीच्या बाया बोलाव.

अर्ध्या तासात सात-आठ जणी आल्या. पदर खोचलेल्या, एकीच्या हाताला शेणाचा वास, एकीच्या कडेवर मूल. बाईंनी यंत्राजवळची जागा मोकळी केली आणि शामकांतरावांना तिथं उभं केलं. हजारो नोटिसा लिहिलेला माणूस, पण पहिलं वाक्य सापडेना. "सदरहू प्रकरणी," असं तोंडातून निघालं, आणि ते थांबले. मग म्हणाले, "ह्या बाईंनी कुणालाही फसवलं नाही. त्यांनी आपला पत्ता लिहून दिला होता. कोर्टाचा कागद इथं यायला हवा होता. तो मी येऊ दिला नाही. पत्ता मी खोडरबरानं पुसला. बाई खऱ्या आहेत. खोटा मी आहे."

मनकर्णाबाईंनी तोंड फिरवलं आणि पदरानं डोळे पुसले, त्या दिवसानंतर बहुधा पहिल्यांदाच. मग मागे बसलेली एक म्हातारी गुडघ्यावर हात टेकून उठली, जवळ आली आणि शामकांतरावांकडे खालून वर बघितलं.

"आनि दुसऱ्या कुनाचा खोडला का रे, बाबा?"

शामकांतरावांनी तोंड उघडलं. तीस वर्षांचे कागद, बेरजा, फोन नंबर, फुंकरून उडवलेला चुरा. त्यातलं एक अक्षरही त्यांना आठवेना.

"माहीत नाही, आजी," ते म्हणाले.