थोरलीची मेढ

आम्हा दोघी जावांची लग्नं एकाच मांडवात लागली. स्वातंत्र्यानंतरचा पहिलाच उन्हाळा होता. आमच्याकडे मांडवाची मेढ उंबराचीच लागते. दोन भाऊ म्हणून दारात दोन मेढी रोवलेल्या, उजवी थोरल्या जावेची, डावी माझी. पावसाळ्यात भाताची रोवणी संपेपर्यंत उजवीला पालवी फुटली. डावीला वाळवी लागली.

सासू येणाऱ्या-जाणाऱ्याला सांगायची, "मोठीची मेढ लागली!" माझ्याबद्दल काही बोलायची नाही, आणि तेच मला जास्त झोंबायचं. भाताच्या बांधीतला चिखल मी तुडवायचा, आणि पायगुण थोरलीचा! ती करायची काय? सकाळी झाडाला तांब्याभर पाणी घालायची. ते बघूनच माझ्या अंगाची आग व्हायची.

झाड वाढलं, खोडाला लालचुटूक उंबरं लगडली. गावात लग्न निघालं की लोक मेढीसाठी त्याचीच फांदी मागायला येत. तोडण्याआधी झाडाला कुंकू मात्र थोरलीनेच लावायचं, अशी रीतच पडून गेली.

पुढे भाऊ वेगळे झाले. नवरा म्हणाला, विहिरीकडची बाजू घेऊ. मी हटून बसले, झाड माझ्याच अंगणात पाहिजे.

"घे ना बाई, मले कायले पाहिजे झाड?" म्हणत थोरली विहीर घेऊन मोकळी झाली.

मग कळलं. अंगणभर पिकल्या उंबरांचा चिखल, त्यावर मुंग्या नि माश्या. दिवसभर झाडू हातात, आणि पाण्यासाठी परत तिच्याच दारी. तरी मी खूश होते. झाड माझं होतं.

दुसऱ्याच वर्षी माझ्या धाकट्या बहिणीचं लग्न ठरलं. मेढ न्यायला बाबा स्वतः बंडी जुंपून आले. मी अंगण लख्ख केलं, ठेवणीतलं लुगडं नेसले आणि कुंकवाचं ताट घेऊन झाडापाशी उभी राहिले. सख्ख्या बहिणीची मेढ, तीही माझ्या अंगणातली. आज तरी मान माझाच होता.

बाबा कुऱ्हाड खांद्यावर घेऊन इकडेतिकडे पाहू लागले.

"काऊन थांबले, बाबा?"

"तुयी मोठी जाऊ कुठं आहे? बोलाव ना तिले," ते म्हणाले. "तिच्या हातचं कुंकू लागू दे. लहानीचं तरी चांगलं होऊ दे, बाई."

थोरली पदर सावरत आली. ताट मी धरलं.