लुगड्याचा तिसरा वाटा

आई गेली तेव्हा तिचं एक सुती लुगडं आम्ही तिघी बहिणींनी वाटून घेतलं. विरलेला भाग काढल्यावर दहा हात चांगलं निघालं. हात म्हणजे कोपरापासून मधल्या बोटाच्या टोकापर्यंत. आईचं सगळं माप तेच. दहाचे तीन वाटे केले. तीन हात आणि वर हाताचा तिसरा हिस्सा, असं प्रत्येकीला आलं. पहा ना, आपल्याकडे सव्वा आहे, दीड आहे, पावणेदोन आहे, पण या तिसऱ्या हिश्शाला काही लाडकं नावच नाही.

माझा वाटा मी कापला नाही. अकोल्याच्या उन्हात, दुपारी पंख्याखाली, घडी करून उशीवर टाकायची आणि गाल टेकवायचा. डोळा लागला की आई येते. वाती वळत बसते, आणि तिच्या मांडीवरचा कापूस हळूहळू वर तरंगत जातो, खाली येतच नाही.

यंदा अमरावतीहून लेकीचा फोन आला. नववा महिना लागलेला. "आई, बाजारात झबल्यांचे ढीग हायेत, पण मले आजीच्या लुगड्याचंच पाहिजे."

बाळाचं पहिलं अंगडं जुन्या मऊ लुगड्याचं, ही आपली रीतच. नाही कसं म्हणू? झबल्या-टोपड्याला पावणेदोन हात लागणार. उरलेल्याचा उशीला अभ्रा शिवायचा, तर त्याला दीड हात तरी हवं. तेवढं नाही उरलं, तर माझ्या दुपारचं काय?

मुलाकडची सहावीतली नात शेजारीच गणितं करत होती. तिला घातलं: तीन पूर्णांक एक छेद तीनमधून एक पूर्णांक तीन छेद चार वजा कर. तिनं तीनातून एक काढला, तीन चतुर्थांशातून एक तृतीयांश काढला, आणि ओरडली, "आजी, दोन हाताच्या वर उरते! मज्जा हाय तुही!"

मी हरखले, कात्री घेतली. पण कापड पसरलं तर डोळ्यांना पटेना. साडेतीनही नाही, त्यातले जवळपास दोन गेले, मग दोनावर उरेल कसं?

"काहून वं, उलटंच वजा केलं का?"

"सुलटं जातच नाई ना, आजी! एक तृतीयांश लहान पडते."

"लहान पडते तर एक हात मोड."

आईच्या मापात एका हाताची बोटं चोवीस, आडवी लावून मोजलेली. तिसरा हिस्सा आठ बोटं, पाऊण हात अठरा. आठातून अठरा जात नाहीत, म्हणून तीनातला एक हात मोडला. झाली बत्तीस. अठरा गेली, चौदा राहिली. उरलेल्या दोन हातांतला एक गेला. एक हात चौदा बोटं!

नातीनं छेद बाराच घेतला होता. "माहं एक पूर्णांक सात छेद बारा आलं."

"मंग चुकलं कोन?"

"कोनीच नाई. तुही दोन बोटं म्हंजे माहा एक भाग."

आणि दीड हात म्हणजे एक हात बारा बोटं. दोन बोटं जास्तच होती बाप्पा! ती शिवणीत गेली.

झबलं अमरावतीला पोचलं, बाळाच्या अंगात गेलं. मी दुपारी अभ्र्यावर गाल टेकवते. आई येते अजून, पण उशिरा, निम्म्या वाती कुठूनतरी वळूनच आणते.

"आज काहून उशीर केला म्हने तिनं?" उठल्यावर स्वप्न सांगितलं की नात विचारते.

"आता आधी अमरावतीले जाऊन येत असन."