पदरातले तांदूळ

"पदर झटक वं. पुरा झटक."

इतवारी बाजारातल्या धान्याच्या दुकानापुढं शेठ माझ्या मायला म्हणाला. भर बाजारात. हमाल थांबले, हातगाडीवाले थांबले. मी मायचा हात धरून उभी. नऊ-दहा वर्षांची असेन. मायनं पदर सोडला. तांदूळ रस्त्यावर पडले. आमचं रात्रीचं जेवण होतं ते.

चोरी नव्हती. हमालाचा लोखंडी आकडा लागला की पोत्यातून दाणे सांडतात. माय रोज सकाळी दुकानापुढचं झाडायची. मजुरी नाही, सांडलेलं धान्य तिचं. तिच्या सासूपासूनची रीत. मग कोंबड्यांचं खाद्य करणारा एक जण त्या धान्याचे शेठला पैसे देऊ लागला. रीत मोडली. आम्हाला कोणी सांगितलंसुद्धा नाही.

"हे आता कोंबड्यायले जाते," शेठ म्हणाला.

मायनं हात जोडले. ठेवून घ्या म्हणाली, चूक झाली.

"तुया पदरातलं आता पोत्यात कसं टाकू?"

कोंबड्यांनासुद्धा आमचा विटाळ. त्यानं नोकराकडून त्या तांदळावर फिनाइल ओतवलं आणि आत जाऊन चहा प्यायला.

गर्दी पांगल्यावर माय पुन्हा वाकली. सगळे दाणे वेचले. घरी आणून धुतले, पुन्हा धुतले, शिजवले. वास गेला नाही. तरी खाल्ले. मी ओकले. माय नाही ओकली. तिला उद्या कामावर जायचं होतं.

ही गोष्ट मी कोणाला सांगितली नाही. शाळेत नाही, कॉलेजात नाही. लाज शेठला वाटायला हवी होती, ती मी वागवली. इतकी वर्षं.

आता मी अकरावीला अर्थशास्त्र शिकवते. तासिका तत्त्वावर, म्हणजे कधीही काढता येईल अशी. गेल्या आठवड्यात धडा होता जगातल्या भुकेचा. पुस्तकात कारणं आहेत. दुष्काळ, पूर, युद्ध, लोकसंख्या. नकाशात दूरदूरचे देश लाल रंगवलेले. पुढच्या बाकावरची पोरगी म्हणाली, "मॅडम, आपल्या इकडे कोण उपाशी राहते? काम केलं तं भेटतेच नं खायले."

पोरीचा काय दोष. मीच तर तिला तो नकाशा दाखवत होते. पण मी खडू खाली ठेवला. आणि मी सांगून टाकलं, पदरापासून फिनाइलपर्यंत सगळं. त्या वर्षी पाऊस चांगला होता. युद्ध नव्हतं. दुकानात छतापर्यंत पोती होती. माझी माय कामही करत होती. तरी घरात भूक होती. लाल रंगातल्या कितीतरी देशांतही गोदामं भरलेली असतात, मी म्हणाले. ज्याच्याकडे पैसा, त्याची जनावरंसुद्धा आधी जेवतात.

दुसऱ्या दिवशी प्राचार्यांनी बोलावलं. बसा म्हणाले नाहीत. दोन व्यापारी पालकांची तक्रार होती.

"घरचं रडगाणं वर्गात नको, मॅडम. लेखी माफी द्या. नाहीतर पुढच्या महिन्यापासून येऊ नका."

घरी येऊन मायला सांगितलं. ती म्हणाली, "देऊन टाक ना वं माफी. नोकरी गेली तं खाशीन काय?"

मला रडू फुटलं. भूक म्हणजे काय हे तिला जितकं कळतं, तितकं मी कोणत्याच पुस्तकात वाचलेलं नाही. तिची भीती खरी आहे.

तरी माफी मी लिहिणार नाही. उद्या दुसऱ्या तुकडीला तोच धडा आहे. पुस्तकातली कारणं फळ्यावर लिहीन, एकही गाळणार नाही. त्यांच्याखाली माणसानं केलेलं कारण लिहीन, आणि ते दुकान कोणत्या गल्लीत आहे तेही सांगीन. मग काढायचं असेल तर काढा.