बाधित मांजर नदीपलीकडं नको

मांडवगण फराट्याच्या शाळेत मी मांजरांच्या ल्युकेमियाबद्दल बोलायला गेले. ज्यांच्या घरी मांजर आहे अशी पोरं पुढं बसवली होती. वाटायची पत्रकं मीच लिहिलेली. वर ठळक अक्षरांत: ‘एक बाधित मांजर, सगळ्या आळीला धोका!’ ते वाक्य मला फार आवडायचं.

पोरांना सांगितलं, हा रोग विषाणूमुळं होतो आणि थुंकीतून पसरतो. एकमेकांना चाटणं, एका ताटलीत खाणं, चावाचावी. माणसाला होत नाही. नवीन पिल्लू आणलं की आधी तपासणी, मगच जुन्या मांजरात सोडायचं.

“आमच्या बोक्याला लस दिलीय की,” एकजण म्हणाला.

नेहमीची लस या रोगावर चालत नाही. याची लस वेगळी, आणि ती सगळीकडं मिळतही नाही. हे लोकांना कुणी सांगत नाही, याचा मला अजून राग येतो.

सातवीतल्या एका मुलीची पांढरी मांजर बारीक होत चालली होती. वडिलांच्या मागं लागून तिनं ती शिरूरच्या डॉक्टरांकडं नेली. रक्त तपासलं, बाधित निघाली. त्याच संध्याकाळी तिचा फोन आला.

“ताई, आबा उद्या तिला पोत्यात घालून भांडगावकडं सोडणारेत.”

आमच्याकडं नकोसं मांजर असंच जातं. भीमा ओलांडायची आणि दौंड तालुक्यात सोडून द्यायचं. मधे नदी असली की ते परत येत नाही म्हणतात.

सकाळी पोचले तर तिचे आजोबा ओट्यावर चहा पीत होते. शेजारी पोतं, हातात माझं पत्रक.

“तुमीच लिवलंय न्हवं, आळीला धोका? मग धोका घालवतोय.”

“आबा, सोडून या असं कुठं लिहिलंय?”

“मग काय करायचं ते तरी कुठं लिवलंय?”

मी पत्रक उलटून पाहिलं. मागं नुसत्या घोषणा. मांजर बाधित निघालं तर पुढं काय, याला एक ओळसुद्धा नव्हती. तरी मी क्रूरतेवर बोलायला लागले, आवाज चढवून.

“ताई, ही सभा न्हाई. चहा घ्या.”

मुलगी मांजर मांडीवर घेऊन दारात बसली होती. “आबा, भांडगावात मांजरं न्हाईत व्हय?”

“असतील की.”

“मग ही त्यांच्या ताटलीत तोंड घालंल. तिथल्या मावशीकडंच तीन हायेत.”

“तुझ्या मावशीची मांजरं नुसती चोर हायेत.”

“चोर हायेत म्हणून मरू द्यायची?”

आबा हसले. मग पोत्याची घडी घातली. म्हणाले, “पेंडीच्या खोलीला जाळी हाय. पर दार लावायचं काम तुझं.”

मी चहा घेतला आणि खाली बसून सगळं सांगितलं. ताटली वेगळी, शी-शूला मातीचं घमेलं वेगळं, बाहेर सोडायचं नाही, दुसरं मांजर आत येऊ द्यायचं नाही. काही आठवड्यांनी पुन्हा तपासायचं, कारण निकाल कधीकधी बदलतो. किती जगेल ते मला माहीत नाही, हेही सांगितलं.

दुसऱ्या तपासणीतही बाधितच निघाली. त्या खोलीत ती अजून आहे. परवा गेले तेव्हा आबा पेंड काढायला निघाले होते. शेजारचा बोका पायात घोटाळला. त्यांनी त्याला पायानंच हळू बाजूला सारलं. “तुला न्हाई. जा तुझ्या घरी,” म्हणाले, आणि आत शिरून दार ओढून घेतलं.