मेट्रनबाईंची मीटिंग

मेट्रनबाईंना हळू बोलता येत नसे. वॉर्डात त्या एखाद्या पेशंटच्या कानाशी वाकल्या, की शेजारच्या खाटांवरचे लोकही माना हलवू लागत. बाई आयर्लंडच्या. उंच, हाडापेराने मजबूत, चेहरा उन्हाने कायम लालबुंद. सत्तरचं दशक सरत आलं असताना मी वसईहून नर्स म्हणून बहारीनला गेले, तेव्हा आमच्या खासगी हॉस्पिटलच्या त्या मेट्रन होत्या. पहिल्याच दिवशी त्यांनी माझ्या फिलोमिना नावाचं 'फिलो' करून टाकलं आणि विचारलं, "जेवलीस का?" असं फक्त आपलीच माणसं विचारतात, अशी तोवर माझी समजूत होती.

"दोन माणसं आणि एक किटली असली की मीटिंग झाली," असं त्या म्हणायच्या. नाइट शिफ्टच्या मुलींना घरी सोडायला गाडी नव्हती, तेव्हा बाईंनी तक्रार वगैरे केली नाही. आम्हा सगळ्यांना घेऊन मॅनेजरच्या केबिनमध्ये चहा प्यायला गेल्या. दुसऱ्या दिवशीही गेल्या. तिसऱ्या दिवशी त्याने आम्हाला दारातच अडवलं आणि म्हणाला, "गाडी देतो, पण चहा नको." बाईंचा चहाही काळाकुट्ट, इतका उकळलेला की जीभ आवळून यायची.

गुदैबिया वस्तीतल्या आमच्या नवरा-बायकोच्या फ्लॅटवर त्या हक्काने यायच्या. माझ्या हातचं सुकटीचं कालवण खाताना डोळ्यांतून पाणी गळायचं, तरी ताट पुढे करून म्हणायच्या, "अजून वाढ."

शुक्रवारी, तिथल्या सुट्टीच्या दिवशी, चर्चमधली मिस्सा झाली की कधी कधी मला गाडीत घालून बुदैयाच्या किनाऱ्यावर न्यायच्या. तिथे एकदा त्यांनी आपल्या गावाची गोष्ट सांगितली. गाव समुद्रात घुसलेल्या एका टोकावर. भाऊ खेकडे धरायचे, आई थोडी शेती करायची. तिथेच सरकारला अणुवीजघर बांधायचं होतं. गावकरी विरोधात उभे राहिले, मग देशभरातून तरुण पोरं-पोरी येऊन शेतात तंबू ठोकून बसली. गाणी म्हणत, भाषणं करत. सत्तरी ओलांडलेली आई त्यांच्यासाठी बटाट्याचं सूप रांधत होती.

"माझी आई जन्मात कधी मोर्चाला गेली नाही," बाई म्हणाल्या. "आता मोर्चाच तिच्या शेतात आलाय."

मी विचारलं, "पण वीज तर लागतेच ना?"

"लागते की! पण घर आमचं, आणि आम्हाला विचारलं कुणी?"

त्यानंतर त्यांच्या क्वार्टरवर आयरिश नर्सेस आणि इंजिनिअर जमू लागले. प्रत्येकाने आपापल्या गावच्या पुढाऱ्याला पत्र लिहायचं, एवढंच काम. मीही लिहू का म्हटलं, तर त्यांनी माझ्या हातातलं पेन काढून घेतलं. "तुझा व्हिसा माझ्यापेक्षा नाजूक आहे. तू फक्त दूध आण."

मॅनेजरच्या कानावर गेलंच. असल्या बैठका इथे चालणार नाहीत, असं त्याने बजावलं, आणि वर उन्हाळ्यातली त्यांची मंजूर रजा रद्द केली. बाईंनी राजीनामा दिला. मी पुष्कळ समजावलं. इतकी चांगली नोकरी परत मिळेल का, म्हटलं.

"फिलो, आई तिकडे चिखलात बसलीय आणि मी इथे एसीत. मला झोप लागत नाही गं."

मुहर्रकच्या विमानतळावर त्यांनी मला इतकं घट्ट धरलं की माझी बरगडी दुखली. मग दोन्ही हातांनी मला ढकललं. "यल्ला! नीघ आता, तुला ड्यूटीला उशीर होईल."

पुढे बरेच महिने काही कळलं नाही. मग एका दुपारी वॉर्डातला फोन वाजला. खरखरीतून बाईंचा आवाज आला, "खलास, फिलो! खलास!"

बाईंची आई गेली वाटतं! "कधी?" मी कसंबसं विचारलं.

"अगं, वीजघर खलास! गुंडाळलं त्यांनी सगळं! आई इथे नाचतेय!"

मी तिथेच स्टुलावर बसले आणि रडले. पेशंट म्हणाले, सिस्टरच्या घरी काहीतरी वाईट झालं.

ऐंशीचं दशक संपता संपता आम्ही बहारीन सोडून वसईला परतलो. तेव्हा टँकरवाले गावच्या विहिरी उपसून पाणी शहरात विकत होते आणि वाड्यांमधली केळी उभ्या उभ्या सुकत होती. बायकांनी रस्त्यावर बसायचं ठरवलं. नवरा म्हणाला, "आत्ता कुठे आलीस, तू कशाला यात पडतेस?" बहारीनला वाढलेली मुलगी इंग्रजीत विचारू लागली, पोलीस आले तर? मी चपला घातल्या आणि सासूबाईंबरोबर निघाले.

लाल लुगड्यातल्या म्हाताऱ्या पुढे, आम्ही मागे. टँकरवाल्याने हॉर्न वाजवला, आई-बहिणीवरून शिव्या दिल्या, इंजिन गुरगुरवत गाडी अगदी अंगावर आणली. सासूबाईंनी माझा हात घट्ट धरला. शेवटी गाडी मागे वळली.

हे मेट्रनबाईंना सांगायला हवं होतं. पण आदल्याच हिवाळ्यात त्या गेल्याचं जुन्या मैत्रिणीकडून कळलं होतं. त्या संध्याकाळी गावच्या देवळात, क्रुसासमोर, मी त्यांच्या नावाने मेणबत्ती लावली.

दुसऱ्या दिवशी टँकर पुन्हा आला. आम्हीही पुन्हा जाऊन बसलो.