आबा, जळगाव आणि धुळे

स्क्रीनवर एरर आला की आमच्या सहकारी बँकेच्या संगणक विभागाचे प्रमुख आबा कीबोर्ड उचलून स्वतःच्या मांडीवर ठेवत. कोणी घाईने काही दाबू नये म्हणून. मग म्हणत, "पहिले बठ्ठं वाच." समोरच्याने सगळे मोठ्याने वाचायचे. मधली ओळ गाळली की पुन्हा पहिल्यापासून. त्यांच्या हाताखाली काम करणाऱ्या मला याचा फार राग येई.

बँकेचा डेटाबेस दोन सर्व्हर मिळून सांभाळत. एक बंद पडला तरी दुसऱ्यावर काम चालावे, ही सोय. आबांनी त्यांना जळगाव आणि धुळे अशी नावे दिली होती. पॅच, म्हणजे कंपनीने पाठवलेली दुरुस्ती, दोन्हींवर सारखाच लागावा लागे. मागचा पॅच रखडला होता. "या रविवारी जमलं नाही तर विभागच बाहेरच्यांना चालवायला देऊन टाकू," व्यवस्थापकांनी बजावले होते.

रविवारी सकाळी जळगावने पॅच घेतला. धुळ्याने नाकारला. पुन्हा चालवला, तोच एरर. कंपनीच्या मदत केंद्राला फोन केला. रीस्टार्ट करा, म्हणाले. केला. पुन्हा फोन, माणूस दुसरा, सल्ला तोच.

"आबा, पॅच लागण्याआधीची तपासणी वगळता येते म्हणे. टाका ना जबरदस्तीने," व्यवस्थापक म्हणाले.

"येते ना, साहेब. उद्या फैजपूरची शाखा अडली तर लोकांसमोर तुम्ही उभे राहाल?"

दुपारी मी एररचा मजकूर पुन्हा मोठ्याने वाचत असताना आबांनी एका ओळीवर थांबवले. धुळ्यावर एक जुनी, सुटी दुरुस्ती होती. नवा पॅच तिच्यावर अडत होता. जळगाववर ती नव्हतीच.

"कंपनीच्या माणसानं लावली असेल," व्यवस्थापकांनी वाट काढून दिली.

"नाही. हाई मन्हंच काम शे," आबा म्हणाले. "अमळनेर शाखेचं काम अडलं होतं. मीच धुळ्यावर लावून पाहिली. जळगाववर लावायची राहून गेली."

ती काढली, पॅच लागला, सोमवारी शाखा वेळेवर उघडल्या. विभाग मात्र गेला. बैठकीत कारण म्हणून आबांचेच कबुलीचे वाक्य वाचून दाखवले गेले. त्या दुपारी ते गप्प का बसले नाहीत, याची चीड मला अजून आहे.

शेवटच्या दिवशी नव्या लोकांना पासवर्ड देऊन झाल्यावर आबांनी दोन्ही सर्व्हरवरचे स्वतःचे खाते बंद करायला लावले. मग समोर बसून लॉगिन करून पाहिले. जळगावने प्रवेश नाकारला. "धुळ्यावरही पाहतो," म्हणाले. त्यानेही नाकारला.

"आता दोन्ही सारखे," आबा म्हणाले आणि अमळनेरची एसटी गाठायला उठले.